मृगशृंगे आणि शिंगे यांतील फरक : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

खानदेशातील शेतकऱ्याला शिंगाची ओळख करून देण्याची गरज नाही. पोळ्याच्या आदल्या दिवशी बैलाची शिंगे घासून, रंगवून, त्यांवर बेगड आणि शेंब्या चढवणारे हात प्रत्येक गावात आहेत. सातपुड्याच्या पायथ्याशी, म्हणजे यावल, रावेर, चोपडा, शिरपूर, शहादा या पट्ट्यात आणखी एक प्रकारचे शिंग लोकांच्या पाहण्यात असते: मोहफुले किंवा तेंदूपत्ता गोळा करताना जमिनीवर पडलेले, फांद्या फुटलेले सांबराचे शिंग. ही दोन्ही शिंगे बैलाच्या आणि सांबराच्या डोक्यावर एकाच जागी दिसत असली, तरी त्यांची घडण, वाढ आणि शेवट पूर्णपणे वेगळा आहे. या पानावर हरिणकुळातील फांद्या फुटणाऱ्या शिंगांना मृगशृंग आणि गाय, म्हैस, शेळी, काळवीट यांच्या शिंगांना नुसते शिंग असे म्हटले आहे.

मृगशृंग आणि शिंग यांत मूळ फरक कोणता?

मृगशृंग हे आरपार हाड असते. ते कवटीच्या कपाळाच्या हाडावरील एका खुंटावर उगवते, काही महिन्यांत पूर्ण वाढते, काही महिने डोक्यावर राहते आणि मग बुडापासून सुटून गळून पडते. पुढे त्याच खुंटावर नवे मृगशृंग उगवते. शिंगाचे दोन भाग असतात. आत कवटीला कायमचा जोडलेला हाडाचा गाभा असतो आणि त्यावर म्यानासारखे बसलेले केराटिनचे आवरण असते. केराटिन म्हणजे ज्यापासून आपली नखे, केस आणि जनावरांचे खूर बनतात ते प्रथिन. शिंग गळत नाही आणि त्याची वाढ बुडाकडून आयुष्यभर थोडीथोडी होत राहते.

फांद्या असणे किंवा नसणे, मादीला शिंग असणे किंवा नसणे, मोडलेले शिंग परत येणे किंवा न येणे, शिंगावरून वय कळणे किंवा न कळणे असे जे अनेक फरक पुस्तकांत ओळीने दिलेले असतात, ते बहुतेक सर्व या एका गोष्टीशी जोडलेले आहेत: मृगशृंग दरवर्षी नव्याने उभारले जाते, तर शिंग एकदाच धरते आणि त्यात भर पडत जाते. म्हणून हाती आलेला नमुना ओळखताना त्याचा एकूण आकार पाहण्यापेक्षा त्याचे बूड पाहावे. बूड भरीव असून त्याभोवती खडबडीत, गाठाळ कडे असेल, तर ते मृगशृंग आहे. बूड पोकळ असून आत बोट जात असेल, तर ते गाभ्यावरून निघालेले शिंगाचे आवरण आहे.

कोणत्या प्राण्यांना मृगशृंगे असतात आणि कोणत्या प्राण्यांना शिंगे?

सांबर, चितळ, भेकर, बारासिंगा, काश्मीरचा हंगूल, मणिपूरचा सांगाई हे हरिणकुळातील प्राणी असून त्यांच्या नरांना मृगशृंगे असतात. गाय, म्हैस, शेळी, मेंढी, गवा, नीलगाय, काळवीट, चिंकारा आणि चौसिंगा हे सर्व गोकुळातील, म्हणजे गाईबैलांच्या कुळातील प्राणी असून त्यांना शिंगे असतात.

काळवीट आणि चिंकारा यांना बोलताना आपण सर्रास हरीण म्हणतो, आणि बोलण्यात त्याला हरकत घेण्याचे कारणही नाही. परंतु शरीररचनेच्या दृष्टीने काळवीट हे सांबरापेक्षा आपल्या गोठ्यातील बैलाला अधिक जवळचे आहे. काही चित्रांत चितळाच्या ठिपकेदार अंगावर काळविटाची पिळदार शिंगे काढलेली असतात. तसा प्राणी अस्तित्वात नाही.

मृगशृंग नेमके कसे वाढते?

नर पाडसाच्या कपाळाच्या हाडातून आधी दोन खुंट बाहेर येतात. हे खुंट कातडीने झाकलेले असतात आणि ते आयुष्यभर टिकतात. त्यांच्या टोकावर पहिले मृगशृंग येते, ते बहुधा बिनफांदीचा साधा सुळका असते. पुढच्या खेपांना फांद्या फुटू लागतात.

वाढीच्या काळात मृगशृंगावर बारीक, मऊ केसांची कातडी असते. तिला मखमल म्हणतात. या मखमलीत रक्तवाहिन्यांचे आणि मज्जातंतूंचे दाट जाळे असते, त्यामुळे या काळात मृगशृंग हाताला उबदार लागते, त्याला जखम झाली तर रक्त येते आणि प्राण्याला वेदनाही होतात. वाढ टोकांकडे होते. टोकाशी आधी कूर्चा तयार होते आणि तिच्या मागोमाग तिचे हाडात रूपांतर होत जाते. सस्तन प्राण्यांच्या शरीरात इतक्या वेगाने वाढणारे दुसरे हाड नाही. थंड प्रदेशांतील मोठ्या हरणांमध्ये वाढीच्या ऐन दिवसांत मृगशृंग दिवसाला सुमारे दोन सेंटीमीटरपर्यंत वाढते. एवढे कॅल्शियम आणि फॉस्फरस रोजच्या चाऱ्यातून मिळणे शक्य नसल्याने शरीर ते स्वतःच्या सांगाड्यातून, विशेषतः बरगड्यांतून, काढून घेते. त्या काळापुरती नराची हाडे विरळ होतात आणि वाढ संपल्यावर पुन्हा भरून येतात.

वाढ पूर्ण होत आली की रक्तातील टेस्टोस्टेरॉन हे नरसंप्रेरक वाढते, हाड घट्ट होते, रक्तपुरवठा आटतो आणि मखमल सुकून लोंबू लागते. नर ती झाडांवर आणि झुडपांवर घासून काढतो. अशा वेळी लोंबणाऱ्या, रक्ताळलेल्या चिंध्या पाहून प्राणी जखमी असल्याचा समज होतो, पण ती नेहमीची क्रिया आहे. यानंतर उरते ते कडक, टोकदार, बहुतांशी निर्जीव हाड, आणि समागमाच्या हंगामात नर एकमेकांशी झुंजतात ते याच हाडाने.

हंगाम सरल्यावर टेस्टोस्टेरॉन उतरते. खुंट आणि मृगशृंग यांच्या सांध्यावर हाड विरघळवणाऱ्या पेशी कामाला लागतात, सांधा पोखरला जातो आणि एके दिवशी मृगशृंग आपल्या वजनाने किंवा फांदीला अडकून सुटते. दोन्ही बाजूंची मृगशृंगे एकाच क्षणी पडतीलच असे नाही, त्यामुळे एका बाजूचेच मृगशृंग घेऊन फिरणारा नर दिसला तर त्यात विशेष काही नाही. खुंटावरची उघडी जागा लवकरच कातडीने झाकली जाते आणि खुंटाच्या हाडावरील पातळ आवरणात असलेल्या मूळपेशींपासून नवी वाढ सुरू होते. संपूर्ण अवयव, त्यातील हाड, कातडी, रक्तवाहिन्या आणि मज्जातंतूंसह, दरवर्षी पुन्हा घडवण्याची ही क्षमता सस्तन प्राण्यांत अन्यत्र दिसत नाही आणि म्हणूनच अवयवांच्या पुनर्निर्मितीचा अभ्यास करणारे शास्त्रज्ञ मृगशृंगांकडे वळलेले आहेत.

मृगशृंग गळताना प्राण्याला वेदना होतात का?

नाही. गळण्याच्या वेळेपर्यंत त्यातील मज्जातंतू उरलेले नसतात. खुंटावर थोडेसे रक्त दिसते, तेवढेच.

हे सर्व वर्षातून कोणत्या महिन्यांत घडते?

समशीतोष्ण देशांत दिवसाच्या लांबीशी बांधलेले काटेकोर वेळापत्रक असते. आपल्याकडे ते सैल आहे. मध्य भारतातील सांबर साधारणपणे हिवाळ्यात कडक मृगशृंगे बाळगतात, उन्हाळ्याच्या सुमारास ती टाकतात आणि पावसाळ्यात चारा मुबलक असताना नवी वाढवतात. चितळांमध्ये मात्र एकाच कळपात एका नराची मृगशृंगे कडक, दुसऱ्याची मखमली आणि तिसऱ्याचे डोके मोकळे, असे दृश्य दिसू शकते. सातपुड्यातील गावकऱ्यांना मृगशृंगे सापडतात ती बहुधा मोह आणि तेंदूच्या हंगामात. सांबराच्या गळतीचा काळ आणि लोकांचे जंगलात फिरणे यांची तेव्हा गाठ पडते, शिवाय पानझड झाल्यामुळे जमीन उघडी असते.

बैलाचे शिंग कसे वाढते?

वासराच्या डोक्यावर जन्मतः शिंगाची कळी असते. पहिल्या सुमारे दोन महिन्यांत ही कळी कातडीत सुटी असते आणि बोटाने दाबली तर कवटीवर किंचित सरकते. त्यानंतर तिच्याखालील हाडाचा गाभा कवटीला जोडला जातो. पशुवैद्यक शिंगकळी जाळण्याचे काम वासरू लहान असतानाच करावे असे सांगतात ते यामुळेच. गाभा एकदा कवटीशी सांधला गेला की तेच काम मोठी शस्त्रक्रिया ठरते. मृगशृंगाचा खुंट कपाळाच्या हाडातूनच बाहेर वाढतो, तर शिंगाचा गाभा आधी वेगळा धरतो आणि मागाहून जोडला जातो, हा जन्मापासूनचा फरक फारसा सांगितला जात नाही, पण तो महत्त्वाचा आहे.

वासरू सहा महिन्यांच्या पुढे गेले की कपाळाच्या हाडातील हवेची पोकळी हळूहळू गाभ्याच्या आत शिरते. त्यामुळे मोठ्या बैलाचे शिंग बुडाशी मोडले तर जखम थेट त्या पोकळीत उघडते आणि कधीकधी नाकातूनही रक्त येते. अशा जखमेवर हळद लावून भागत नाही. पावसाळ्यात तर माश्या बसून अळ्या पडण्याचा धोका असल्याने पशुवैद्यकाला बोलवावे.

मोडलेले शिंग परत येते का?

केवळ वरचे आवरण निघाले असेल आणि गाभा शाबूत असेल, तर बुडाकडून नवे आवरण येते, पण ते पूर्वीसारखे सुडौल नसते. गाभ्यासह मोडलेले शिंग परत येत नाही. मृगशृंगाची फांदी झुंजीत तुटली, तर त्या वर्षापुरते नुकसान होते आणि पुढच्या खेपेला नर पुन्हा पूर्ण जोडी घेऊन उभा राहतो. मात्र खुंटालाच इजा झाली असेल, तर नंतरची मृगशृंगे वेडीवाकडी येऊ शकतात. शिंगे मोडून वासरांत शिरणे ही आपली म्हण शेतकऱ्याने केलेली आहे हे उघड आहे. सांबराला ते दरवर्षी फुकटात साधते.

खच्चीकरणाचा मृगशृंगांवर आणि शिंगांवर काय परिणाम होतो?

हा प्रश्न एका विद्यार्थ्याने विचारला होता आणि या पानावरील सर्व प्रश्नांत तो मला सर्वांत मोलाचा वाटतो, कारण दोन्ही अवयवांमागची व्यवस्था त्यातून उघडी होते.

गोऱ्ह्याचे खच्चीकरण केल्यावर त्याची शिंगे गळत नाहीत आणि वाढायची थांबतही नाहीत. उलट बैलाची शिंगे त्याच जातीच्या वळूपेक्षा बहुधा लांब आणि सडपातळ होतात. वळूची मान आणि कपाळ जाड, शिंगे आखूड व बुडाशी दणकट, आणि बैलाची शिंगे डौलदार, हा फरक बैलबाजारात फिरलेल्या कोणालाही ठाऊक असतो. म्हणजे शिंग उगवण्यासाठी आणि टिकण्यासाठी नरसंप्रेरकाची आवश्यकता नसते. त्याचा परिणाम फक्त आकारावर होतो.

हरणाच्या बाबतीत निकाल उलटा लागतो. कडक मृगशृंगे असलेल्या नराचे खच्चीकरण केले, तर काही आठवड्यांतच ती गळून पडतात. त्यानंतर नवी मृगशृंगे उगवतात, पण त्यांची मखमल कधीच सुकत नाही आणि हाड पूर्ण कडक होत नाही. ती कायम वाढत्या अवस्थेत राहतात. पाडसाचे खच्चीकरण अगदी लहानपणी, खुंट येण्यापूर्वी केले, तर मृगशृंगे येतच नाहीत. खुंट धरण्यासाठी, मखमल सुकण्यासाठी आणि मृगशृंग डोक्यावर टिकण्यासाठी टेस्टोस्टेरॉन लागते आणि ते उतरले की मृगशृंग सुटते. जंगलात दरवर्षी जे हंगामाच्या चढउताराने घडते, तेच येथे शस्त्रक्रियेने एकदम घडते.

माद्यांना का नसतात? आणि काही माद्यांना का असतात?

हरिणकुळात मृगशृंगे नरांनाच असतात. रेनडिअर ही एकच जात अशी आहे, की जिच्या माद्यांनाही ती नियमितपणे येतात. उत्तर ध्रुवाजवळच्या हिवाळ्यात बर्फ उकरून काढलेल्या चाऱ्यावरून हुसकावले जाऊ नये म्हणून गाभण माद्यांना त्यांचा उपयोग होतो असे मानले जाते. तेथील मोठे नर हंगाम संपताच हिवाळ्याच्या सुरुवातीला मृगशृंगे टाकतात, तर गाभण माद्यांची वसंतापर्यंत टिकतात.

गोकुळात असा एक नियम नाही. गाय, म्हैस आणि गवा यांच्या नरमादी दोघांनाही शिंगे असतात. चिंकाऱ्याच्या मादीला असतात, पण बारीक आणि आखूड. काळवीट, नीलगाय आणि चौसिंगा यांच्या माद्या सामान्यतः बिनशिंगी असतात. त्यामुळे दुरून दिसलेल्या प्राण्याला शिंगे नाहीत एवढ्यावरून तो हरिणकुळातील मादी आहे असे ठरवता येत नाही.

आमच्याकडे सांबराच्या नराला बारासिंगा म्हणतात. ते बरोबर आहे का?

ही गल्लत फार पसरलेली आहे. पूर्ण वाढलेल्या सांबराच्या प्रत्येक मृगशृंगाला सामान्यतः तीन टोके असतात: एक कपाळाजवळ पुढे आलेले आणि दोन शेंड्याशी. म्हणजे दोन्ही मिळून सहा. चितळाचीही रचना तीन टोकांचीच असते, परंतु त्याची मृगशृंगे सडपातळ आणि वीणेच्या आकाराकडे झुकणारी असतात, तर सांबराची जाड, खरबरीत आणि मोठ्या नरात एक मीटरच्या आसपास लांब असतात.

बारासिंगा ही वेगळी जात आहे. तिच्या नराला बारा किंवा त्याहून अधिक टोके येऊ शकतात. मध्य भारतातील कठीण जमिनीवर राहणारा बारासिंगा १९७० च्या सुमारास मध्य प्रदेशातील कान्हा येथे ६६ इतक्या संख्येवर आला होता आणि तेथील संरक्षणामुळे वाचला. खानदेशात सांबर आहे, बारासिंगा नाही. यावल अभयारण्य १९६९ साली घोषित झाले. तेथे ज्यांनी बारासिंगा पाहिल्याचे सांगितले, त्यांनी भरदार सांबर पाहिलेला असतो.

मृगशृंगाच्या टोकांवरून वय सांगता येते का?

येत नाही. पहिली काही वर्षे टोके वाढतात, पण पुढे त्यांची संख्या जातीनुसार थांबते आणि आकार चाऱ्यावर, प्रकृतीवर आणि आनुवंशिकतेवर अवलंबून राहतो. दुष्काळाच्या वर्षी त्याच नराची मृगशृंगे आधीपेक्षा लहान येऊ शकतात आणि म्हातारपणी ती उतरणीला लागतात.

गाईच्या शिंगावरून मात्र अंदाज बांधता येतो, कारण शिंग टाकले जात नसल्याने जुन्या वर्षांची नोंद त्यावर राहून जाते. गाभणपणाच्या आणि दुभत्याच्या काळात शिंगाची वाढ मंदावते आणि बुडाशी एक वळे उमटते. वळ्यांच्या संख्येत दोन मिळवून गाईचे वय सांगण्याची पद्धत जुनी आहे. ती ढोबळ आहे, आणि बाजारात विकायला आणलेल्या जनावराची शिंगे कानशीने घासून वळी घालवलेली असू शकतात. खरेदी करताना दात पाहावेत हे अधिक चांगले.

भेकराची मृगशृंगे इतकी लहान का असतात?

भेकराची मृगशृंगे बहुधा १० ते १५ सेंटीमीटरची असतात, पण ज्या खुंटांवर ती उभी असतात ते केसाळ खुंट लांब असून त्यांच्या कडा कपाळावरून डोळ्यांच्या दिशेने उतरलेल्या दिसतात. झुंजीसाठी भेकराच्या नराकडे दुसरे शस्त्र असते: वरच्या जबड्यातील बाहेर आलेले सुळे. हरिणकुळात व त्याच्या आसपासच्या कुळांत मृगशृंगे लहान किंवा नसली की सुळे मोठे, हा क्रम नेटका दिसतो; कस्तुरीमृग, पिसोरी आणि चीनमधील पाणहरीण यांना मृगशृंगे अजिबात नसतात आणि त्यांच्या नरांचे सुळे चांगलेच लांब असतात.

चौसिंग्याला चार शिंगे असतात, म्हणजे ती फांद्या फुटलेली मृगशृंगेच नव्हेत का?

नव्हेत. चौसिंग्याच्या नराच्या डोक्यावर दोन स्वतंत्र जोड्या असतात. मागची जोडी कानांजवळ, अधिक लांब असते. पुढची डोळ्यांच्या वर, कधीकधी केवळ टेंगळाएवढी असते. प्रत्येक शिंगाला स्वतःचा हाडाचा गाभा आणि स्वतःचे केराटिनचे आवरण असते, ती गळत नाहीत आणि कोणत्याही शिंगाला फांदी नसते. चार शिंगांचा हा एकमेव वन्य प्राणी असून तो भारत आणि नेपाळ या दोनच देशांत आढळतो.

काळविटाची शिंगे पिळदार आणि वळ्यांची असतात, चिंकाऱ्याची जवळजवळ सरळ व वळ्यांची, आणि तूर-हरभऱ्याचे पीक तुडवणाऱ्या नीलगाईच्या, म्हणजे रोहीच्या, नराची जेमतेम १५ ते २५ सेंटीमीटरची, गुळगुळीत आणि सुळकेदार. नीलगाईचे धूड पाहता ही शिंगे अंमळ विनोदी दिसतात.

शिंगांना कर्करोग होतो असे ऐकले. हे खरे आहे का?

खरे आहे, आणि बैल बाळगणाऱ्यांनी ते जाणून घेणे आवश्यक आहे. गाभ्याच्या आतील पोकळीला जे नाजूक अस्तर असते, तेथून हा रोग सुरू होतो. भारतात तो प्रामुख्याने पाच ते दहा वर्षांच्या कामाच्या बैलांत दिसतो. बैल वारंवार डोके झटकतो, शिंग झाडाला किंवा खुंट्याला घासतो, डोके एका बाजूला कलते ठेवतो, त्या बाजूच्या नाकपुडीतून रक्तमिश्रित स्राव येतो, शिंगाचे बूड गरम व मऊ लागते आणि पुढे शिंग एका बाजूला झुकते. सुरुवातीच्या अवस्थेत पशुवैद्यकाने भूल देऊन शिंग बुडापासून काढले तर बैल वाचण्याची शक्यता चांगली असते. शिंग आपोआप लोंबेपर्यंत वाट पाहिली, तर रोग कवटीत शिरलेला असतो.

जू शिंगांना टेकून सतत घासणे, शिंगांची वारंवार खोल तासणी आणि शिंगांना बसणारे दोर यांनी होणारा त्रास हे कारणांपैकी मानले जातात. पोळ्याला शिंगे रंगवावीत, पण चकाकी येण्यासाठी ती रक्त दिसेपर्यंत खरवडू नयेत. मृगशृंगात अशी पोकळी आणि असे अस्तर नसल्याने हा विशिष्ट रोग तेथे संभवत नाही.

शेतीत शिंगाचा उपयोग होतो, तसा मृगशृंगाचा होतो का?

सेंद्रिय शेती करणारे काही शेतकरी मेलेल्या गाईच्या शिंगाच्या पोकळ आवरणात ताजे शेण भरून ते पावसाळा संपताना जमिनीत पुरतात, उन्हाळ्याच्या तोंडाशी काढतात आणि त्यातील शिंगखत पाण्यात ढवळून शिंपडतात. त्याच्या परिणामकारकतेबद्दल मतभेद आहेत. मृगशृंगाला पोकळीच नसल्याने असा प्रयोग त्यावर करता येत नाही. फुंकून वाजवण्याचे शिंगही याच कारणाने मृगशृंगापासून होत नाही.

खताच्या दुकानातील दोन पदार्थ मात्र हाड आणि शिंग यांतील रासायनिक फरक स्पष्ट करतात. खूर व शिंगे दळून केलेल्या चुऱ्यात सुमारे १२ ते १४ टक्के नत्र असते, कारण केराटिन हे प्रथिन आहे. हाडांच्या चुऱ्यात नत्र अत्यल्प आणि स्फुरद व कॅल्शियम भरपूर असते. मृगशृंग दळले, तर ते दुसऱ्या प्रकारात मोडेल. मृगशृंगाच्या पारंपरिक भस्मात उरतात ते प्रामुख्याने कॅल्शियमचे क्षार, जे कोणतेही हाड जाळल्यावर उरतात.

या दोन्ही गटांत न बसणारी शिंगे आहेत का?

थोडी आहेत. उत्तर अमेरिकेतील प्राँगहॉर्न या प्राण्याच्या शिंगाला कायमचा हाडाचा गाभा असतो, पण वरचे केराटिनचे आवरण दुशाखी असते आणि दरवर्षी गळते. जिराफाच्या डोक्यावरील टेंगळे हाडाची असून ती आयुष्यभर कातडीने झाकलेली राहतात. गेंड्याचे शिंग संपूर्ण केराटिनचे असते, त्याच्या आत हाड नसते.

एवढी मृगशृंगे दरवर्षी गळतात, तर जंगलात त्यांचा खच का दिसत नाही?

कारण ती खाल्ली जातात. साळिंदर आणि उंदीर दात झिजवण्यासाठी आणि खनिजांसाठी मृगशृंगे कुरतडतात. हरणेसुद्धा, विशेषतः जमिनीत फॉस्फरस कमी असलेल्या भागांत, गळालेली मृगशृंगे चघळताना दिसतात. समांतर खाचा पडलेले मृगशृंग सापडले, तर त्या बहुधा साळिंदराच्या दातांच्या असतात.

जंगलात गळालेले मृगशृंग सापडले, तर घरी आणता येते का?

आणू नये. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ मधील व्याख्येनुसार वन्य प्राण्याची मृगशृंगे आणि शिंगे ही ट्रॉफीमध्ये, म्हणजे प्राण्याच्या जपून ठेवलेल्या अवयवांत, मोडतात आणि त्याच कायद्याच्या कलम ३९ नुसार ती शासनाची मालमत्ता ठरतात. भारतीय वन अधिनियम, १९२७ मध्येही जंगलातून आणलेली शिंगे व हाडे वनोपज म्हणून नमूद आहेत. यावल, अनेर धरण किंवा गौताळा यांसारख्या अभयारण्यांच्या हद्दीतून तर काहीही उचलण्यास मनाई आहे. मी मारले नाही, ते आपोआप पडले होते, हा बचाव नैतिकदृष्ट्या खरा असला तरी बाळगण्याच्या गुन्ह्यातून सुटका करत नाही. एखादी वस्तू ताब्यात आलीच, तर ४८ तासांच्या आत जवळच्या पोलीस ठाण्याला किंवा वनाधिकाऱ्याला कळवावे असे कायदा सांगतो. महाराष्ट्र वनविभागाचा १९२६ हा निःशुल्क क्रमांकही उपलब्ध आहे.

आपोआप गळालेले आणि शिकारीतून आलेले मृगशृंग तपासणीत वेगळे ओळखू येते. गळालेल्या मृगशृंगाचे बूड सुटे आणि कड्याखाली बहुधा किंचित फुगीर असते. बुडाला खुंट किंवा कवटीचा तुकडा चिकटलेला असेल, तर तो प्राणी मेल्यानंतर ते काढलेले आहे. मखमल असलेले मृगशृंगही आपोआप पडलेले नसते.

आमच्या जुन्या वाड्यात भिंतीवर सांबराचे डोके आहे. त्याचे काय करावे?

आधी आजोबा-पणजोबांच्या कागदपत्रांत मुख्य वन्यजीव रक्षकांनी दिलेले मालकीचे प्रमाणपत्र आहे का ते शोधावे. अशा वस्तू जाहीर करण्याची संधी १९७२ च्या कायद्यानंतर आणि पुन्हा २००३ साली देण्यात आली होती. प्रमाणपत्र असलेली वस्तू वारसाने मिळाली असेल, तर ९० दिवसांत तसे घोषित करावे लागते. ती विकता येत नाही. प्रमाणपत्र नसेल, तर वस्तू गुपचूप दुसऱ्याला देण्यापेक्षा वनविभागाशी लेखी संपर्क साधावा.

बाजारात कोल्ह्याचे शिंग म्हणून मिळणारी वस्तू काय असते?

कोल्ह्याला शिंग नसते आणि मृगशृंगही नसते. जत्रेत धनलाभासाठी म्हणून शेंदरात ठेवून विकली जाणारी ती केसाळ गाठ म्हणजे कातडीचा तुकडा शिवून किंवा चिकटवून केलेली बनावट वस्तू असते. ती कातडी खरोखर कोल्ह्याची निघाली, तर घेणाराही वन्यजीव कायद्याखाली अडकतो.